दुकान त्याचं, पण धान्य आपलं!

गावातलं रेशनचं दुकान बंद पडल्याची बातमी पेपरात यायच्या आधीच हापशावर आणि पिठाच्या गिरणीत पोचलेली असते. "परवाना रद्द झाला म्हणे," असं एकीने म्हणायचा अवकाश, की दुसरी लगेच विचारते, "मग या महिन्याचे गहू कुठून आणायचे?"

पारावरच्या गप्पा वेगळ्या असतात. तक्रार कोणी केली, दुकानदार कोणत्या पार्टीचा, आता दुकान कोणाच्या पदरात पडणार, यावर तिथे तासन् तास खल चालतो. घरातल्या बाईला यातल्या कशाशीच देणंघेणं नसतं. तिचा हिशेब पिशवीचा असतो. माणशी पाच किलो म्हणजे पाच माणसांचे पंचवीस किलो. अंत्योदयचं कार्ड असेल तर घराला पस्तीस किलो. हे धान्य एक महिना आलं नाही, तर तेवढंच दुकानातून विकत घ्यायचं, आणि त्याचे पैसे कोणत्या तरी दुसऱ्या गरजेतून काढायचे. बहुतेक वेळा ते तिच्याच औषधातून निघतात!

आपला नेवासा तालुका बाहेरच्यांना सुखी वाटतो. माउलींनी इथे ज्ञानेश्वरी सांगितली, शिंगणापूरला देशभरातून माणसं येतात, सोनई आणि भेंड्याला साखर कारखाने आहेत, प्रवरा-गोदावरीचं पाणी आहे. पण ज्यांच्या नावावर ऊस नाही, त्यांची घरंही याच तालुक्यात आहेत. रोजाने खुरपायला जाणाऱ्या बायका, ऊसतोडीची कुटुंबं, एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या आहेत. त्यांचा महिना रेशनच्या तारखेवर चालतो. म्हणून दुकानाचा परवाना रद्द होणं आणि त्यावर वर्षानुवर्षं कज्जे चालणं, हा विषय मला फक्त वकिलांचा वाटत नाही. तो आपल्या डब्याचा विषय आहे.

परवाना रद्द कसा होतो?

आपण ज्याला परवाना म्हणतो, त्याला सरकारी कागदावर 'प्राधिकारपत्र' म्हणतात. ते १९५५ च्या जीवनावश्यक वस्तू कायद्याखाली काढलेल्या १९७५ च्या महाराष्ट्र अनुसूचित वस्तू वितरण आदेशानुसार दिलं जातं. म्हणजे दुकानदार हा धान्याचा मालक नाही. सरकारचं धान्य ठरलेल्या माणसांना वाटण्यासाठी नेमलेला तो माणूस आहे, आणि त्याबद्दल त्याला क्विंटलमागे कमिशन मिळतं.

तक्रार आली की पुरवठा निरीक्षक येतात, साठा मोजतात, दप्तर तपासतात, पंचनामा करतात, कार्डधारकांचे जबाब घेतात. अहवाल तहसीलमधून जिल्हा पुरवठा अधिकाऱ्यांकडे जातो. मग दुकानदाराला 'कारणे दाखवा' नोटीस निघते. त्याचा खुलासा आला की निर्णय होतो. साधी ताकीद, अनामत रक्कम जप्त, काही काळासाठी निलंबन किंवा मग प्राधिकारपत्रच रद्द, अशा या पायऱ्या आहेत. धान्य काळ्या बाजारात नेताना सापडलं तर पोलिसांत गुन्हाही दाखल होतो. या कायद्यात सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. पण पोलीस केस आणि परवान्याची केस हे दोन वेगळे रस्ते आहेत, हे लक्षात ठेवायला हवं. एकीचा निकाल लागला म्हणून दुसरी आपोआप संपत नाही.

परवाना रद्द झाला की गावाची कार्डं शेजारच्या गावच्या दुकानाला जोडली जातात. कागदावर ही एका ओळीची गोष्ट आहे. पण चार किलोमीटर चालत जायचं, मशीनला रेंज नाही म्हणून दुपारपर्यंत थांबायचं आणि डोक्यावर पंचवीस किलो घेऊन परत यायचं, म्हणजे एक रोज बुडतो. रिक्षा केली तर फुकटचं धान्य फुकट राहत नाही.

नगर, नाशिक, मुंबई, संभाजीनगर

इथून पुढे खरी लांबलचक गोष्ट सुरू होते. आपल्या तालुक्यातल्या दुकानाचा परवाना नगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला, रद्द होतो. दुकानदार नाशिकला विभागीय पुरवठा उपायुक्तांकडे दाद मागतो. तिथे हरला तर मुंबईला मंत्रालयात, अन्न व नागरी पुरवठा मंत्र्यांपुढे पुनरीक्षण अर्ज करतो. तिथेही जमलं नाही तर उच्च न्यायालयाचं औरंगाबाद खंडपीठ, म्हणजे आताचं छत्रपती संभाजीनगर. गावातल्या चारशे-पाचशे कार्डांचा प्रश्न चार शहरं फिरून येतो!

यातल्या कोणत्याही पायरीवर 'स्टे' मिळू शकतो. स्थगिती मिळाली की अंतिम निकाल लागेपर्यंत दुकान पुन्हा त्याच्याच हातात. वरच्या पायरीवर स्टे उठला की पुन्हा कार्डं शेजारच्या गावाला. दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ होतो म्हणतात. इथे दुकानदार आणि सरकार भांडतात, आणि तोटा मात्र तिसरीचा होतो. ती तिसरी म्हणजे पिशवी घेऊन उभी असलेली बाई.

वरच्या पायऱ्यांवर सगळं नीटच होतं असंही नाही. २०१९ मध्ये औरंगाबाद खंडपीठापुढे बीड जिल्ह्यातल्या एका दुकानाचं प्रकरण आलं होतं. खालच्या अधिकाऱ्यांनी रद्द केलेला परवाना मंत्र्यांच्या पातळीवर पुन्हा बहाल झाला होता. त्यावर न्यायालयाने कडक शब्दांत ताशेरे ओढले. या लढाईत गावकरी न्यायालयापर्यंत गेले होते, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. नाही तर अशा प्रकरणात सगळे पक्षकार हजर असतात, फक्त ज्यांचं धान्य गेलं ते नसतात.

कागद कच्चा, तर केस कच्ची

"एवढे पुरावे असून तो सुटला कसा?" हा प्रश्न मला गावोगाव ऐकू येतो. लोक लगेच म्हणतात, पैसे चारले असतील. पण असे खटले वाचले, वकिलांशी बोललं, की एक साधी गोष्ट कळते. पुष्कळदा दुकानदार निर्दोष ठरलेला नसतो. त्याच्यावरची कारवाई कच्ची ठरलेली असते.

कायद्याचं म्हणणं असं, की कोणाचीही रोजीरोटी काढून घेताना त्याला आरोप स्पष्ट सांगा, पुराव्याची नक्कल द्या, त्याचं म्हणणं ऐका आणि निर्णयाची कारणं लिहा. नोटिशीत मोघम 'धान्य कमी दिले' एवढंच लिहिलं, अहवालाची प्रत दिली नाही, जबाब त्याच्या माघारी घेतले, खुलाशाला उत्तर न देता एका ओळीत परवाना रद्द केला, तर वरच्या पायरीवर तो आदेश टिकत नाही. मग प्रकरण फेरचौकशीला परत येतं. तोवर दोन-तीन वर्षं गेलेली असतात, आणि जबाब देणारी म्हातारी कधी कधी जगात नसते.

आपल्या हातात यातलं काय आहे? नोटीस कशी लिहायची हे आपल्या हातात नाही. पण जबाब आपला असतो! माझ्या पाहण्यातल्या एका गावाची गोष्ट सांगते. गावाचं नाव देत नाही, कारण तिथल्या बायकांना त्याच गावात नांदायचं आहे.

धान्य दोन-तीन रुपये किलोने मिळायचं तेव्हाची ही गोष्ट. वजनात मारायचं, वर पैसे जास्त घ्यायचे, असा दुकानदाराचा खाक्या होता. बायकांनी धीर करून तक्रार केली. चाळीसजणींचे जबाब झाले. बहुतेकींचा मजकूर एकसारखाच होता, 'आम्हाला धान्य कमी मिळते, दुकानदार अरेरावी करतो.' परवाना रद्द झाला, कार्डं शेजारच्या गावाला जोडली गेली. अकरा महिने बायका चार किलोमीटर चालल्या. मग एक दिवस स्टे आला आणि जुना दुकानदार पुन्हा गादीवर बसला.

आता ज्याच्याविरुद्ध जबाब दिला, त्याच्याच दारात पिशवी घेऊन उभं राहायचं होतं. तो काही वाईट बोलला नाही. नुसतं हसून म्हणाला, "या, जबाबवाल्या बाई." त्या एका वाक्याने काम केलं. पुढच्या दोन महिन्यांत तीसेक जणींनी प्रतिज्ञापत्रावर अंगठे दिले, 'आमचा गैरसमज झाला होता, कशावर सही घेतली ते आम्हाला माहीत नाही.' मी त्यांना नावं ठेवणार नाही. कोणाचा नवरा त्याच्या ट्रॅक्टरवर होता, कोणाची उधारी त्याच्या किराणा दुकानात होती. गावात राहायचं म्हणजे सगळे धागे एकमेकांत अडकलेले असतात.

दोघीजणी मात्र बधल्या नाहीत. त्यांच्यापैकी एकीची मुलगी दहावीत होती. ती दर महिन्याला वहीत लिहायची, कोणत्या तारखेला किती किलो मिळाले, किती पैसे घेतले, पावती दिली की नाही. या दोघींच्या जबाबात 'कमी मिळते' असं नव्हतं. अमुक तारखेला वीस किलोच्या ऐवजी सोळा किलो, असं होतं. प्रकरण फेरसुनावणीला आलं तेव्हा बाकीचे जबाब वाऱ्यावर उडून गेले. टिकली ती वही. परवाना पुन्हा रद्द झाला. दुकानदार पुन्हा वर गेला, पण त्या खेपेला स्टे मिळाला नाही.

मशीन काय सांगतं?

आता काळ बदलला. दुकानात ई-पॉस मशीन आलं, अंगठा लावल्याशिवाय धान्य मिळत नाही. दुसऱ्याच्या नावावर धान्य उचलणं बरंच अवघड झालं. कार्डाचा बारा आकडी नंबर टाकला की कोणत्या महिन्यात किती धान्य उचललं हे घरातली पोरं मोबाईलवर दाखवतात. 'एक देश, एक रेशन कार्ड'मुळे कार्ड एका दुकानाला बांधलेलं राहिलं नाही. आपल्या दुकानात त्रास असेल तर दुसऱ्या दुकानातून धान्य घेता येतं. ऊसतोडीला गेलेल्या घरांना याचा फार उपयोग आहे.

पण मशीन हे दुधारी हत्यार आहे, मैत्रिणींनो. अंगठा लागला की मशीन पंचवीस किलो दाखवतं. काट्यावर मात्र तेवीसच आले, तर? उद्या केस उभी राहिली की दुकानदार मशीनचा कागद पुढे करतो, "बघा, त्यांनीच अंगठा दिलाय." पूर्वी त्याच्या रजिस्टरवर शंका घेता यायची. आता पुरावा आपल्याच बोटाचा! म्हणून आधी वजन, मग पावती, मग घर. पावती दिली नाही तर मागायची. "मशीनमध्ये कागद संपलाय" हे दर महिन्याला कसं होतं, हेही विचारायचं.

दुसरी गोष्ट. जानेवारी २०२३ पासून अन्न सुरक्षा कायद्यातलं धान्य मोफत झालं. तेव्हापासून एक नवीनच संकोच मी बघते. "फुकटच तर मिळतंय, दोन किलोसाठी कशाला तोंड वाजवायचं?" पण हे धान्य दुकानदार स्वतःच्या खिशातून देत नाही. सरकार ते आपल्या नावाने पाठवतं, आणि वाटण्याचं कमिशन दुकानदाराला वेगळं देतं. त्यामुळे दोन किलो गेले ते आपलेच गेले. मापात पाप ते पापच, मोफत असलं म्हणून ते धुतलं जात नाही.

बचत गटाने दुकान घ्यावं का?

परवाना रद्द झाला की पुष्कळदा बचत गटाचं नाव पुढे येतं. आणि ते योग्यच आहे. २०१३ च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्यात ग्रामपंचायती, बचत गट, सहकारी संस्था यांना दुकानं देण्यात प्राधान्य आणि दुकानाचा कारभार महिलांकडे, असं स्पष्ट म्हटलं आहे. महाराष्ट्राने २०१७ मध्ये प्राधान्यक्रम ठरवला, त्यात ग्रामपंचायतीनंतर बचत गटाचाच नंबर आहे.

पण उडी मारण्याआधी हिशेब करावा. तीनशे कार्डं, घरटी चार माणसं, माणशी पाच किलो धरले तर महिन्याला साठ क्विंटल होतात. कमिशन अनेक वर्षं क्विंटलला दीडशे रुपये होतं. २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ते १७० करायचं ठरवलं. म्हणजे महिन्याला दहा हजार दोनशे. त्यातून जागेचं भाडं, वीज, तोलणाऱ्याची मजुरी आणि घट-तूट जाणार. दहा बायकांत वाटायला किती उरतं ते तुम्हीच बघा.

आणि दुसरं, कोर्टाचं. जुन्या दुकानदाराचं अपील चालू असताना गटाला दुकान मिळालं, तर तो निकाल गटाच्या डोक्यावर टांगलेला असतो. २०१५ मध्ये उत्तर प्रदेशातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की रद्द झालेल्या जागी नंतर नेमलेल्या दुकानदाराला मूळ दुकानदाराच्या वादात स्वतंत्र हक्क नाही. २०२२ मध्ये त्याच राज्यातल्या दुसऱ्या प्रकरणात मात्र त्याच न्यायालयाने सांगितलं, की रीतसर नेमलेल्या नव्या दुकानदाराचं म्हणणं ऐकलं पाहिजे. म्हणजे गप्प बसलेल्या गटाला कोणी बोलावून विचारेलच असं नाही. नेमणूक तात्पुरती की कायमची, जुन्याचं अपील बाकी आहे का, हे दोन प्रश्न आदेश हातात घेतानाच विचारायचे. अपील बाकी असेल तर आपल्याला ऐकून घ्यावं, असा अर्ज द्यायचा. प्रकरण उच्च न्यायालयात जाणार असं दिसलं तर वकिलांना विचारून कॅव्हेट टाकून ठेवायचं. आणि निकाल लागेपर्यंत कर्ज काढून गाळा बांधायच्या भानगडीत पडू नये.

नाव तिचं, कारभार त्याचा

दुकानदाराचीही एक बाजू असते, ती सांगितली नाही तर अन्याय होईल. सगळेच दुकानदार चोर नसतात. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीचा राग रेशन दुकानावर निघतो, हे कोणत्या गावाला नवीन आहे? नवऱ्याच्या माघारी वारस म्हणून दुकान चालवणाऱ्या विधवा मी पाहिल्या आहेत. मशीन बंद पडलं तरी शिव्या तिला, कोटा उशिरा आला तरी शिव्या तिला. तिला नोटीस मिळालीच पाहिजे, तिचं म्हणणं ऐकलंच पाहिजे. परवाना रद्दचा आदेश हातात पडला की साधारण तीस दिवसांत अपील करायचं असतं. ही मुदत रडण्यात घालवू नये, लगेच वकील गाठावा.

आणखी एक प्रकार फार वाढलाय. दुकान बाईच्या नावावर आणि काटा नवऱ्याच्या नाहीतर दिराच्या हातात. तिने दुकानाचं रजिस्टर कधी उघडून पाहिलेलं नसतं. पण तपासणीत तूट निघाली, तर नोटीस तिच्या नावाने येते आणि गुन्ह्यातही नाव तिचंच येऊ शकतं. "मला काही माहीत नव्हतं" हे सांगून तिथे सुटका होणं अवघड असतं. तेव्हा आपल्या नावाने सही करायला कोणी कागद पुढे केला, तर रोज संध्याकाळी साठा आणि विक्री मी बघणार, ही अट आधी घालायची. घरात थोडी कुरबुर होईल. ती कोर्टापेक्षा स्वस्त पडते.

पहिल्या दिवसापासूनची तयारी

१९७२ च्या दुष्काळानंतर मृणालताई गोरे, अहिल्याताई रांगणेकर यांच्याबरोबर मुंबईतल्या बायका लाटणी घेऊन रस्त्यावर उतरल्या होत्या. महागाई आणि रेशन हेच त्यांचे प्रश्न होते. लाटण्याचा आवाज आजही लागतोच. पण आताची लढाई कागदावरही लढावी लागते.

दर महिन्याची नोंद घरात ठेवावी. त्यात तारीख, किलो आणि पावती, एवढं पुरे. तक्रार तोंडी करू नये, लेखी द्यावी आणि पोच घ्यावी. १९६७ या हेल्पलाईनवर फोन केला तर तक्रारीचा नंबर लिहून घ्यावा. जबाब देताना वाचून घ्यावा किंवा वाचायला लावावा, मगच सही किंवा अंगठा द्यावा. एकीने तक्रार केली तर ती गावात एकटी पडते. दहाजणींनी आपापल्या आकड्यांसह केली तर कोणाला "जबाबवाली बाई" म्हणायची सोय राहत नाही.

दक्षता समितीत महिलांना जागा आहे. आपल्या गावच्या समितीत कोण बायका आहेत, हे ग्रामसभेत विचारा. कित्येकींना आपण सदस्य आहोत हेच माहीत नसतं! दुकानाचे रेकॉर्ड लोकांना बघता यावे, असं अन्न सुरक्षा कायदाच सांगतो. नाही दाखवले तर माहितीचा अधिकार आहे. त्यासाठी अण्णा हजारे आपल्याच जिल्ह्यातून उभे राहिले. राज्याचा कायदा २००२ मध्ये आला आणि देशाचा २००५ मध्ये. परवाना रद्दचा आदेश, पंचनामा, अपिलाची पुढची तारीख, सगळं मागता येतं. दारिद्र्यरेषेखालच्या अर्जदाराला फीसुद्धा नाही.

आणि धान्य मिळालंच नाही, तर त्याबद्दल अन्न सुरक्षा भत्ता मागण्याची सोय कायद्यात आहे. जिल्हा तक्रार निवारण अधिकाऱ्यांकडे आणि त्यावर राज्य अन्न आयोगाकडे जाता येतं. दुकानाचं भांडण कोर्टात आहे, म्हणून आमचं धान्य थांबवता येणार नाही, एवढं एक वाक्य लेखी अर्जात ठामपणे लिहायला शिकलं पाहिजे. दुकान कोणाचं हे ठरवायला कोर्टाला लागोत की पाच वर्षं! चूल रोज पेटते, तिला पुढची तारीख देता येत नाही.